गिरणीवाल्याचा चित्रकार मुलगा: एडगर वुड

पडवी

आमच्या घरापासून चालत सात मिनिटांवर एक घड्याळाचा मनोरा आहे. गाव लिंडली. म्हणायला गाव, एरवी इंग्लंडातल्या हडर्सफील्डचंच उपनगर. नवऱ्याची नोकरी इथल्या रुग्णालयात, म्हणून आम्ही इथे. पहिली दोन वर्षं त्या मनोऱ्याकडे मी मान वर करून बघत असे ती फक्त बस चुकली की आहे, एवढं कळायला.

मग आई आली तीन महिने. तिला रोज संध्याकाळी फिरायला लागतं. तिसऱ्या-चौथ्या दिवशी मनोऱ्यासमोर थांबून म्हणाली, "याला कुंची घातल्यासारखं दिसतंय." आणि खरंच की! वरचं तांब्याचं छप्पर कडेला असं अलगद बाहेर वळलंय, की थंडीत तान्ह्या बाळाला कुंची बांधून बाहेर आणलंय असं वाटावं. एकदा ते दिसल्यावर दुसरं काही दिसेना. "कुणी बांधला गं?" या तिच्या पुढच्या प्रश्नाला माझ्याकडे उत्तर नव्हतं. हा धागा म्हणजे ते उत्तर, जरा लांबलेलं.

पैसे दिले जेम्स नील्ड साइक्स यांनी, आपल्या जन्मगावासाठी, १९०२ साली. साइक्स घराण्याचा धंदा लोकर पिंजायच्या यंत्रांवर चढवायच्या दातेरी तारांच्या पट्ट्यांचा. कल्पना करा, पिंजाऱ्याच्या धंद्याला लागणाऱ्या दात्यांवर एवढी श्रीमंती! मनोरा साधारण ८३ फूट उंच, इथल्याच वालुकाश्मात बांधलेला, त्यावरची शिल्पं टी. स्टर्लिंग ली यांची. आणि आराखडा एडगर वुडचा.

वुड १८६० साली मिडलटनला जन्मला. मिडलटन मँचेस्टरच्या उत्तरेला, लँकेशायर परगण्यातलं, आधी हातमागावर रेशीम विणणाऱ्यांचं आणि मग सुती गिरण्यांचं गाव. वडील थॉमस ब्रॉडबेंट वुड गिरणीमालक, कडक शिस्तीचे, युनिटेरियन या ख्रिस्ती पंथाचे. पोराला व्हायचं होतं चित्रकार. वडिलांना तो गिरणीत हवा होता. भांडण किती दिवस चाललं देव जाणे, पण शेवटी तडजोड झाली ती वास्तुकलेवर. म्हणजे चित्रंही काढता येतील आणि चार पैसेही मिळतील! आपल्याकडे "आधी इंजिनिअर हो, मग काय ते नाटक कर" म्हणतात, त्याचीच लँकेशायरी आवृत्ती.

मँचेस्टरच्या एका पेढीत उमेदवारी करून १८८५ साली त्याने स्वतःचं काम सुरू केलं, तेही मिडलटनमध्येच. पुढे कार्यालय मँचेस्टरला नेलं, पण गाव सुटलं नाही. स्वतःसाठी १८९१ साली रेडक्रॉफ्ट नावाचं घर बांधलं ते तिथेच. लंडनला बिऱ्हाड हलवावं असं त्याला कधी वाटलेलं दिसत नाही. त्याची बहुतेक कामं मिडलटन, रॉचडेल, ओल्डहॅम, हडर्सफील्ड, हेल अशी एका दिवसात फिरून येता येतील इतक्या टापूत आहेत. गिऱ्हाइकंही तशीच, म्हणजे गिरणीवाले, व्यापारी, चर्चची मंडळी. स्वारी मात्र काळा पायघोळ झगा, त्याला आतून लाल रेशमाचं अस्तर आणि हातात चांदीच्या मुठीची काठी अशा थाटात कामावर जायची, असं वर्णन वाचायला मिळतं. गिरण्यांच्या धुरात लाल अस्तर झळकवत फिरणारा हा माणूस मिडलटनकरांना कसा दिसत असेल!

मागच्या महिन्यात आम्ही मिडलटनला जाऊन आलो. लाँग स्ट्रीटवरचं मेथडिस्ट चर्च (१८९९ ते १९०१) हे मला त्याचं सगळ्यात मायेचं काम वाटलं. रस्त्यावरून लाल विटांचं चर्च दिसतं, आणि बाजूच्या कमानीतून आत गेलं की एकदम चौक! मधे बाग, भोवती शाळेची, सभागृहाची बैठी इमारत. आई असती तर म्हणाली असती, हा तर वाडा. फक्त तुळशीवृंदावन तेवढं नाही. चर्चच्या आत दगडी कमानी, आणि व्यासपीठापासून दगडी जलपात्रापर्यंत सगळं त्याच्याच हातचं. इमारत एकाची आणि आतलं सामान दुसऱ्याचं हे त्याला चालतच नसे. खुर्च्या, कपाटं, धातूकाम, जमलं तर भिंतीवरची चित्रंसुद्धा त्यात आली. चित्रांसाठी मिडलटनचाच मित्र एफ. डब्ल्यू. जॅक्सन होता. १८९६ साली मँचेस्टरमध्ये कारागीर-कलावंतांचा जो संघ निघाला, नॉर्दर्न आर्ट वर्कर्स गिल्ड, त्याच्या संस्थापकांत वुड होता आणि लगेच पुढच्या वर्षी तो संघाचा प्रमुखही झाला.

मग मँचेस्टरच्या व्हिक्टोरिया पार्कमधलं ख्रिश्चन सायन्स पंथाचं चर्च, १९०३चं. लेडी व्हिक्टोरिया मरे या उमराव घराण्यातल्या बाई तिथे त्या पंथाचं काम करत होत्या, त्यांच्यासाठी. मधे उंच पांढरी त्रिकोणी भिंत, तिच्या दोन्ही अंगांना तिरक्या जाणाऱ्या दोन बुटक्या इमारती, म्हणजे वरून पाहिलं तर वाय अक्षर. दारात उभं राहिलं की कुणी दोन्ही हात पसरून "या" म्हणतंय असं वाटतं. शेजारी एक गोल बुरूज, त्याला शंकूसारखी टोपी. असं चर्च मी तरी दुसरं पाहिलेलं नाही. निकोलस पेव्हस्नर हे इंग्लंडभर हिंडून इमारतींची नोंद करणारे मोठे अभ्यासक. विसाव्या शतकातल्या चर्चबांधणीचा आढावा घेताना लँकेशायरमधली हीच एक इमारत टाळता येणार नाही, असं त्यांचं मत होतं. १९७१ साली तिथली प्रार्थना बंद पडली, टवाळ पोरांनी नासधूस केली, शेवटी नगरपालिकेने इमारत विकत घेऊन वाचवली.

आता खरी गंमत. इथवर उतरत्या छपरांचा, उंच त्रिकोणांचा, चिमण्यांचा हा माणूस १९०६च्या सुमारास एकदम सपाट छप्पर घालायला लागतो. काँक्रीटचं. लँकेशायरच्या पावसात! मिडलटनमधल्या मेलॅल्यू स्ट्रीटवरचं एक छोटंसं घर ही सुरुवात. मग १९०८ साली स्टॅफर्डला बोस्टॉक या जोडे बनवणाऱ्या कारखानदारासाठी अपमीड्स. त्याच सुमारास मिडलटनमध्ये दुकानांची एक ओळ, तिच्या दर्शनी भागावर हिरव्या-पांढऱ्या लाद्यांची नक्षी. त्या नक्षीला इंग्रजीत काहीही म्हणोत, माझ्या डोळ्यांना ती सरळ सरळ करवतकाठी आहे. आजीच्या लुगड्याचा काठ कुणीतरी दुकानावर उभा लावलाय.

हे सगळं १९०८चं. युरोपात पांढऱ्या सपाट घरांची लाट यायला अजून दहा-पंधरा वर्षं होती. उरलेलं प्रतिसादांत लिहीन, आता कुकर लावायचाय.

---

टवाळखोर_लातूर

लेख झकास, पण सपाट छप्पर घातलं म्हणून एवढं कौतुक? आमच्याकडे अख्खी गावंच्या गावं धाब्याची. आजोबांनी लाकडी सरांवर पांढरी माती चोपून धाबं घातलं तेव्हा कुणी पेव्हस्नर वही घेऊन आला नाही. उन्हाळ्यात वर झोपायचं, कुरडया वाळवायच्या, आणि शेजारच्याच्या धाब्यावरून आपल्या धाब्यावर उडी मारायची. हिच्या आईला विचारा, वुडच्या धाब्यावर कुरडया वाळतील का.

---

सिव्हिलवाला

@टवाळखोर, कुरडया वाळणार नाहीत, बुरशी येईल. पण मुद्दा वेगळा आहे. धाबं कमी पावसाच्या मुलखातलं. मँचेस्टरला वर्षाचा पाऊस ८००-९०० मिमीच्या आसपास, म्हणजे आकड्यात आपल्या पुण्याच्या फार पुढे नाही. फरक असा की पुण्याचा पाऊस चार महिन्यांत उरकतो आणि मग छप्पर आठ महिने वाळतं. तिथे बारा महिने पिरपिर. छप्पर वाळतच नाही. अशा ठिकाणी उतार सोडायचा म्हणजे काँक्रीटवर फार मोठा विश्वास टाकायचा.

तरी त्याने तो का टाकला असावा? कौलारू घरात आधी छप्पर ठरतं आणि मग खोल्या. आडवं-तिडवं, गोलाकार, वाकडं काही केलं की छपराची पाखी एकमेकींना भिडतात, तिथे पन्हळ येते, आणि गळती हमखास तिथेच. माझ्या आजोळी चिपळूणला दर मृगाच्या आधी त्या एका पन्हळीपाशी मोरचूद-डांबर-गोणपाट असे सगळे प्रयोग व्हायचे. सपाट स्लॅब टाकली की नकाशा मोकळा सुटला. भिंत आत वळवा, कोपरा कापा, वरून झाकण एकच. पडवीताई, त्याच्या सपाट छपराच्या घरांच्या भिंती वळलेल्या आहेत का? असतील तर माझा तर्क बरोबर.

(आणि "सपाट" म्हणजे अगदी सपाट कधीच नसतं हो, पाण्याला उतार द्यावाच लागतो. नाहीतर आमची सोसायटी बघा.)

---

पडवी

सिव्हिलवाला, शंभर टक्के! अपमीड्सचा दर्शनी भाग मधे आत वळलेला आहे. मिडलटनची एल्म स्ट्रीटची शाळा (१९०८ ते १९१०) तर पुढून अशी अंतर्वक्र, की आवारात शिरणाऱ्या पोरांना कवेत घेतल्यासारखी. ती शाळा आजही चालू आहे. जोडीची डर्नफर्ड स्ट्रीटची शाळा मात्र पाडली. आणि हेल गावात त्याने स्वतःसाठी बांधलेलं रॉइड हाउस (१९१४ ते १९१६), तेही अंतर्वक्र, विटांचं, दारावर रंगीत लाद्यांचा चौकट आकाराचा मोठा नमुना. चौकट म्हणजे पत्त्यातला, इस्पिक-बदाम-चौकट मधला.

सपाट छपराची कल्पना एकट्या वुडची नाही हेही लिहायला हवं होतं. जे. हेन्री सेलर्स हा ओल्डहॅमचा वास्तुविशारद १९०४च्या आसपास त्याच्याबरोबर आला. दोघांचं कार्यालय एक, पण कामं बहुतेक आपापली. सेलर्सने ओल्डहॅममध्ये एका यंत्र बनवणाऱ्या कंपनीची कचेरी सपाट छपराची बांधली, तीही १९०६-०७चीच. सेलर्स शिस्तीचा, प्रमाणबद्धतेचा माणूस आणि वुड रंगाचा. सपाट छपराने वुडला भिंत मिळाली असं मला वाटतं. वर त्रिकोण नाही, कौलं नाहीत, वळचण नाही. नुसती भिंत, सरळ आकाशापर्यंत. चित्रकाराला अजून काय पाहिजे?

---

गिरणगाव

धाग्यातलं कापसाचं सूत कुणी उचललं नाही म्हणून लिहितो.

वुड जन्मला १८६०ला. १८६१ला अमेरिकेत यादवी पेटली, दक्षिणेचा कापूस अडला आणि लँकेशायरच्या गिरण्या धडाधड बंद पडल्या. कामगारांची उपासमार झाली. त्याच चार वर्षांत मुंबईत पैशाचा पूर आला, कारण तोच कापूस आता इथून जात होता. तिकडे त्याला सरसकट "सुरत" म्हणत. धागा आखूड, वारंवार तुटायचा, त्यामुळे विणकर त्या नावाने बोटं मोडत. "सुरत" हा शब्द तिथे भिकार मालासाठी शिवीसारखा वापरला जाऊ लागला. १८६५ला यादवी संपली, भाव कोसळले आणि मुंबईत प्रेमचंद रायचंदांसकट भलेभले बुडाले.

म्हणजे वुड पाळण्यात होता तेव्हा त्याच्या गावचं आणि आपल्या गावचं नशीब एकाच दोरीच्या दोन टोकांना होतं. एक वर गेलं की दुसरं खाली. त्याचे वडील त्यातून तरले म्हणूनच पोराला पुढे चित्रकार व्हायची स्वप्नं पडली. माझे आजोबा परळला साच्यावर होते, त्यामुळे गिरणीमालकाच्या पोराचं लाल अस्तर वाचून जरा घशात अडकलं. पण लेख आवडला.

---

कोरा_कागद

गिरणगाव यांनी सौम्यपणे म्हटलं ते मी सरळ म्हणते. बापाच्या पैशावर उडी आहे ही. १९१०च्या आसपास वारसाहक्काने पैसा हातात आल्यावर याने हळूहळू काम बंद केलं ना? आणि पुढे इटलीत समुद्रकाठी जाऊन चित्रं काढत बसला. गिरणीवाल्याच्या पोराला परवडतं. एखाद्या गवंड्याच्या पोराला हात दुखेपर्यंत रेघोट्या ओढाव्या लागल्या असत्या.

शिवाय तो मोठा का नाही झाला? त्याच काळातला वास्तुविशारद चार्ल्स रेनी मॅकिंटॉश पण ग्लासगोचाच, लंडनचा नव्हे. त्याच्या खुर्चीच्या नकला आज अर्ध्या जगात विकल्या जातात. वुडची खुर्ची कुणी पाहिली आहे?

---

खडूफळा

+१, खुर्चीचा फोटो टाका कुणीतरी.

---

पडवी

कोरा_कागद, पैशाचं खरं आहे. नाकारत नाही. मिडलटनच्या जुबिली पार्कमधल्या पायऱ्या आणि अर्धगोल दगडी बैठक त्याने १९०६ला बांधली, त्याचे पैसेसुद्धा वडिलांचेच! गावात वजन होतं, कामं मिळत होती. त्यात काही लपवण्यासारखं नाही.

पण मॅकिंटॉशची तुलना तुम्ही काढलीत म्हणून बघा. मॅकिंटॉशकडे पैसा नव्हता. कामं मिळेनाशी झाली, ग्लासगो सोडावं लागलं, आणि १९२३ ते १९२७ तो फ्रान्सच्या दक्षिण किनाऱ्यावर पोर्त-वान्द्रला जलरंगांत चित्रं काढत होता. वुड १९२२ साली इटलीला पोर्तो मॉरित्झिओला गेला. तोही भूमध्य समुद्रच, तेही जलरंगच. एकाला कंगालपणाने तिथे नेलं, दुसऱ्याला पैशाने. उत्तरेतल्या धुरकट शहरांतले, आठ वर्षांच्या अंतराने जन्मलेले दोन वास्तुविशारद एकाच दशकात एकाच समुद्राकाठी ब्रश घेऊन बसलेत, हे मला तरी पैशाच्या हिशेबापलीकडचं वाटतं.

आणि वुड रिकामा बसला नाही. तिथे त्याने स्वतःचं शेवटचं घर बांधलं, मोन्ते काल्वारिओ नावाचं, आणि आतून ते रंगवलं. इराणी कलेचं त्याला वेड होतं, ते भिंतींवर उतरलं. ऑक्टोबर १९३५ला तिथेच गेला.

मोठा का नाही झाला? त्याच्या काळात अगदीच अनोळखी नव्हता. हेरमान मुथेसिउस या जर्मन अभ्यासकाने शतकाच्या सुरुवातीला इंग्रजी घरांवर लिहिलं त्यात वुडची दखल घेतलीय. पण नाव टिकवायला लंडनमध्ये कुणीतरी सतत घ्यावं लागतं. लटयेन्स त्याच्याहून नऊ वर्षांनी धाकटा. त्याला उमरावांची घरं मिळाली आणि मग दिल्ली मिळाली. याला मिडलटनची शाळा मिळाली. शाळा चांगली बांधली, एवढंच.

---

जुनी_मुंबई

"छोट्या गावातला वास्तुविशारद" म्हटल्यावर आठवलं. आपल्या व्हीटीचे फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स, जन्म १८४७, बाथचे. उमेदवारी बाथमध्येच. विशीत, १८६७ला सार्वजनिक बांधकाम खात्यात इकडे आले. बाथमध्ये राहिले असते तर चार घरं, एखादं चर्च बांधून म्हातारे झाले असते. इथे त्यांना १८७८ ते १८८८ एवढी दहा वर्षं एकाच इमारतीवर घालवायला मिळाली, आणि काय इमारत! साम्राज्यात गावाकडच्या वास्तुविशारदाला दोनच वाटा असाव्यात. गावात राहा आणि मनासारखं बांध, किंवा बोटीत बस आणि मोठं बांध.

विषयांतर वाटल्यास उडवा.

---

सिव्हिलवाला

विषयांतर कसलं, अशा विषयांतरासाठीच धागे वाचतो.

कोरा_कागद यांना एक सांगावंसं वाटतं. पैसा होता म्हणून त्याला गिऱ्हाइकाच्या "शेजाऱ्यासारखंच करा" या वाक्यापुढे मान तुकवावी लागली नसेल. मी पंचवीस वर्षं ते वाक्य ऐकतोय. माझ्या नावावर एकही अंतर्वक्र भिंत नाही. चित्रकला मलाही आवडायची.

---

कोरा_कागद

सिव्हिलवाला काका, तुम्ही असं शेवटचं वाक्य लिहून पळून जाऊ नका. चित्रं असतील तर टाका इथे.

बाकी, पडवी, तुमचा भिंतीचा मुद्दा पटला. मी जालावर रॉइड हाउस आणि ती करवतकाठी दुकानं बघितली. पहिल्या घरांत तो चित्रं भिंतीवर *लावत* होता, नंतर भिंतच चित्र झाली. पैशाबद्दलचं मत कायम आहे.

---

ओला_मँचेस्टर

इथलाच असल्याने उपयोगाचं लिहितो. रॉइड हाउस खाजगी घर आहे, कृपया फाटकातून आत जाऊ नका. रस्त्यावरून दिसतं तेवढं बघा. मिडलटनला स्वतःचं असं गावाच्या मध्यात स्टेशन नाही. मिल्स हिल जवळचं, तिथून चालत अर्धा तास लागेल. मँचेस्टरहून बस बरी. लाँग स्ट्रीटचं चर्च एरवी बंद असू शकतं. सप्टेंबरमध्ये वारसा-इमारती फुकट उघडतात तेव्हा या. आतल्या कमानी दुपारी बघा, ऊन असेल तर. असेलच असं नाही.

पडवीताई, दुकानांसमोर उभं राहिलात तेव्हा लाद्यांना हात लावून पाहिलात का? मी दहा वर्षं तिथून जातोय, करवतकाठी हा शब्द काही सुचला नव्हता. काल मुद्दाम गाडी थांबवून पाहिलं. बायको म्हणाली, इरकल.

---

पडवी

इरकल! वहिनींना माझा नमस्कार सांगा. आईला फोनवर वाचून दाखवलं तर म्हणते, इरकलीचा काठ असा नसतो, नारायणपेठीचा असेल, फोटो पाठव मग सांगते.

सप्टेंबरमध्ये तिचं पुन्हा यायचं ठरतंय. मिडलटनला कोण कोण येणार? पोळी-भाजी मी आणते. जुबिली पार्कची ती बैठक अर्धगोल आहे, पंधरा माणसं सहज मावतील. टवाळखोर यांनी लातूरहून कुरडया पाठवाव्यात, वाळवूनच.

---

टवाळखोर_लातूर

पाठवतो. धाब्यावरच्या आहेत.